खुर्ची, चिठ्ठी आणि पुणेरी जोडा

सुरत म्हटली की मराठी माणसाला महाराजांच्या दोन स्वाऱ्या आठवतात, 1664 ची आणि 1670 ची. त्यानंतर मराठी नाव तिथे गाजलं ते 1907 च्या डिसेंबरात, एका जोड्यापायी. पण जोड्याआधी खुर्चीची गोष्ट सांगायला हवी.

काँग्रेसच्या अध्यक्षाची निवडणूक हा एकोणिसाव्या शतकातला मोठा सभ्य प्रकार होता. 1885 साली पुण्यात कॉलरा पसरला म्हणून पहिलं अधिवेशन मुंबईत, गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत भरलं. प्रतिनिधी 72. ह्यूमसाहेबांनी व्योमेशचंद्र बॅनर्जींचं नाव सुचवलं, सुब्रह्मण्य अय्यर आणि तेलंगांनी पाठिंबा दिला, टाळ्या पडल्या, झाली निवड. पुढे हाच शिरस्ता. नाव आधीच बसून ठरवायचं. यजमान प्रांतातला माणूस घ्यायचा नाही, हा संकेत तर पहिल्या 22 अधिवेशनांत एकदाही मोडला नाही. उमेदवार एकच असला की मतं मोजायची कोणी? अक्षता पडताना हरकत घ्यायची नसते, तसंच ते.

वंगभंगानंतर मात्र मांडवात दोन वऱ्हाडं दिसू लागली, मवाळ आणि जहाल. 1906 ला कलकत्त्यात टिळकांचं नाव पुढे येऊ लागलं, तेव्हा मवाळांनी विलायतेहून 81 वर्षांच्या दादाभाईंना आणलं. त्यांच्यासमोर कोण उभं राहणार? युक्ती नामी होती, पण एकदाच चालणारी. त्याच अधिवेशनात नियम झाला की स्वागत मंडळाच्या तीन चतुर्थांश मतांनी अध्यक्ष निवडावा. पुढचं अधिवेशन नागपूरला होतं. तिथे एवढी मतं कोणालाच जमेनात, आणि अधिवेशनच उचलून फिरोजशहा मेहतांचा वचक असलेल्या सुरतेला नेलं. सुरत मुंबई इलाख्यातली, म्हणजे संकेतानुसार टिळक आपोआप बाद! जहालांनी मंडालेहून नुकत्याच सुटलेल्या लाला लजपतरायांचं नाव घेतलं. लालाजींनीच नकार दिला. उरले मवाळांचे रासबिहारी घोष.

26 डिसेंबरला तापीकाठच्या मांडवात अंबालाल साकरलाल देसाईंनी घोषांचं नाव सुचवलं. अनुमोदनाला सुरेंद्रनाथ बॅनर्जी उठले आणि असा गोंगाट झाला की सभा तहकूब करावी लागली. दुसऱ्या दिवशी टिळकांनी स्वागताध्यक्ष त्रिभुवनदास माळवींकडे चिठ्ठी पाठवली: अनुमोदनानंतर मला बोलायचं आहे. चिठ्ठीला उत्तर आलं नाही. सुरेंद्रनाथ बोलले, मोतीलाल नेहरू बोलले, माळवींनी घोष निवडून आल्याचं जाहीर केलं. तेव्हा टिळक व्यासपीठावर चढले आणि हाताची घडी घालून उभे राहिले. सभेचे नियम त्यांना तोंडपाठ. हट्ट एकच, मला बोलू द्या. गोखल्यांनी हात पसरून त्यांना अंगावर येणाऱ्यांपासून वाचवलं. गोखले-टिळक वैराच्या चविष्ट कथा सांगणाऱ्यांनी हे दृश्य विसरू नये.

तेवढ्यात जोडा आला. लालसर कातड्याचा, टोकदार, तळाला शिशाचे खिळे ठोकलेला. इंग्रज पत्रकार नेव्हिन्सनने तो इतका बारकाईने टिपलाय की पुण्याच्या चांभाराने ओळखावा. सुरेंद्रनाथांच्या गालाला लागून तो फिरोजशहांवर आदळला. मग खुर्च्या, काठ्या, आणि शेवटी मांडव रिकामा करायला पोलीस.

28 तारखेला दोन्ही वऱ्हाडांनी वेगवेगळ्या सभा भरवल्या. जहालांच्या सभेला अध्यक्ष अरविंद घोष. रासबिहारींचं अध्यक्षीय भाषण सुरतेत कोणी ऐकलंच नाही. कलकत्त्याच्या वर्तमानपत्रांत मात्र ते छापूनही आलं होतं.