हशासाठी सोडलेली जागा

भाईंदर पश्चिमेला भाड्याने राहणाऱ्यांत मालिका आणि विनोदी कार्यक्रमांच्या पडद्यामागची मंडळी बरीच आहेत. अंधेरी-ओशिवऱ्यातली भाडी परवडत नाहीत, आणि इथून लोकल थेट जाते. कॅमेरावाले, ध्वनिवाले, मेकअपवाले आणि संकलक. यांतल्या विनोदाच्या संकलकाचं काम नेमकं काय, हे शेजाऱ्यांना सांगायला गेलं तर 'नको ते कापतो' इथवरच गाडी पोचते.

नाटकातला नट विनोद टाकून थांबतो. हशा ओसरू लागला की पुढचं वाक्य बोलतो. बोरिवलीच्या प्रबोधनकार ठाकरे नाट्यमंदिरात दुपारी थांबला तेवढाच तो रात्री थांबेल असं नाही. सिनेमातला नट मात्र महिन्यांपूर्वी वाक्य बोलून घरी गेलेला असतो. अजून न आलेला प्रेक्षक किती वेळ हसेल, हे संकलकानेच अंदाजाने ठरवायचं. जागा जास्त सोडली तर विनोद पडतो, कमी सोडली तर पुढचं वाक्य हशात बुडतं. शिवाय दहाव्यांदा पाहताना त्याला स्वतःला हसू येणं केव्हाच थांबलेलं असतं. म्हणून पहिल्यांदा कुठे हसू आलं होतं ते लक्षात ठेवणं हीच त्याची खरी पुंजी.

हे काम संकलक रेणू सलूजांनी 'जाने भी दो यारों'मध्ये करून दाखवलं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना शिकायचं होतं दिग्दर्शन, प्रवेश मिळाला संकलनाला. १९८३ साली आलेल्या कुंदन शहांच्या या चित्रपटात अनुपम खेर यांनी 'डिस्को किलर' नावाचा मारेकरी रंगवला होता. अख्खं पात्र संकलनात गेलं. नवख्या नटाची पहिली मोठी संधी कात्रीखाली जाणं वाईटच, पण चित्रपट त्यामुळे हलका झाला असं माझं मत. शेवटचा महाभारताचा प्रवेश आठवा. द्रौपदीच्या साडीत आयुक्त डिमेलोचं प्रेत, ते पळवायला टपलेले दोन पक्ष, मध्येच घुसलेले सलीम-अनारकली, आणि हे काय चाललंय असं पुन्हा पुन्हा विचारणारा आंधळा धृतराष्ट्र. गोंधळ वाढत जातो, पण कोण कोणाच्या मागे आहे हे प्रेक्षकाला क्षणभरही विचारावं लागत नाही. ही शिस्त संकलनाची.

सलूजांना संकलनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले: 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर'. चारही गंभीर. विनोदाचं संकलन परीक्षकांच्या नजरेत भरत नाही, हे जुनंच दुखणं.

ऑगस्ट २००० मध्ये त्या गेल्या. त्याच वर्षी ऑक्टोबरात आलेल्या विधू विनोद चोप्रांच्या 'मिशन काश्मीर'वर संकलक म्हणून नाव होतं राजकुमार हिरानींचं. नागपूरचा हा मुलगाही पुण्यात संकलनच शिकला, मग जाहिरातींत रमला. फेविकॉलच्या एका गाजलेल्या जाहिरातीत तो पडद्यावरही दिसतो. २००३ च्या 'मुन्नाभाई एमबीबीएस'चं दिग्दर्शन करताना त्याने कात्रीही स्वतःकडेच ठेवली. त्याच्याच 'थ्री इडियट्स'मधलं चतुरचं भाषण त्या दृष्टीने पाहावं. त्यातला विनोद आज मला खटकतो, पण बांधणी पाहण्यासारखी आहे. घोकलेलं हिंदी अभिमानाने म्हणणारा चतुर, हसून लोळणारी पोरं, संतापत चाललेला प्राचार्य व्हायरस. चतुरला काहीच कळलेलं नाही, हे प्रत्येक वेळी त्याच्या चेहऱ्यावर परतून दाखवलं जातं, आणि परतायचं कधी तेच अवघड.

टीव्हीवर सेकंदाला पंचवीस फ्रेम, म्हणजे एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची. दोन-तीन फ्रेम इकडेतिकडे झाल्या तरी पंच बोथट होतो. 'महाराष्ट्राची हास्यजत्रा'सारख्या कार्यक्रमात अनेक कॅमेरे एकाच वेळी चालू असतात, आणि स्किटइतकेच परीक्षकांच्या खुर्चीतले सई ताम्हणकर, प्रसाद ओक यांचे चेहरेही महत्त्वाचे. प्रेक्षकाला हसायची परवानगी तिथून मिळते. अशा कार्यक्रमांत भलत्याच विनोदावरचं हसू उचलून दुसरीकडे लावणं या धंद्यात कोणी पाप मानत नाही.

मग वरून निरोप येतो: भाग दीड मिनिटाने लांब आहे, कमी करा. अशा वेळी पहिले जातात ते थांबे. वाक्य कापलं तर लेखकाचा फोन येतो, थांबा कापला तर कोणाचाच येत नाही.