मस्टरवर नाव आपलेच हवे

ज्या घरातील मुलगी किंवा मुलगा बी.सी.ए., डिप्लोमा अथवा इंजिनिअरिंगला आहे, त्या घरात शेवटच्या वर्षी ‘प्रोजेक्ट’ हा शब्द सारखा ऐकू येतो. चौघांचा गट, काही महिन्यांची मेहनत, आणि लॅपटॉप पुष्कळदा एकाकडेच. काम चौघांचे, पण त्याची नोंद कोणाच्या नावाने होते, हे मात्र फारसे कोणी पाहत नाही. गिरणीत, पालिकेत किंवा कंत्राटदाराकडे राबलेल्या माणसाला मस्टरचे महत्त्व वेगळे सांगायला नको. दिवसभर घाम गाळला, पण मस्टरवर नाव चढले नाही, तर पगारही नाही आणि पुरावाही नाही.

सॉफ्टवेअरच्या कामाचेही असेच एक मस्टर असते. त्याला रिपॉझिटरी म्हणतात. मुले तिला ‘रेपो’ म्हणतात. त्यात प्रोग्रामची आजची फाइल असतेच, शिवाय आधीचे प्रत्येक रूप जपलेले असते. कोणी, केव्हा आणि कशासाठी बदल केला, याची नोंद म्हणजे कमिट. पेनड्राइव्हवर ‘फायनल’, ‘फायनल दोन’, ‘एकदम फायनल’ अशा फायली साठवणाऱ्यांची यातून कायमची सुटका होते.

हे काम करणारे आज सर्वांत जास्त चालणारे साधन म्हणजे गिट. लिनक्स ही प्रणाली जगभरची हजारो माणसे मिळून लिहितात. त्यांच्या नोंदी बिटकीपर नावाच्या एका खासगी कंपनीच्या साधनात ठेवल्या जात. २००५ साली कंपनीने त्यांना मिळणारा फुकट वापर बंद केला. तेव्हा लिनस टॉरवल्ड्‌स यांनी एप्रिलमध्ये नवे साधन लिहायला घेतले, आणि काही दिवसांतच गिट स्वतःच्या नोंदी स्वतःच ठेवू लागले. ते मोफत आहे, जुन्या संगणकावरही चालते. कमिट करायला इंटरनेट लागत नाही. काम दुसरीकडे चढवताना, म्हणजे ‘पुश’ करताना तेवढे लागते.

रेपो सुरू करणे सोपे. प्रोजेक्टच्या फोल्डरमध्ये ‘गिट इनिट’ ही आज्ञा दिली की आत ‘डॉट गिट’ नावाची एक दडलेली पेटी तयार होते. सगळा इतिहास त्याच पेटीत. नको असलेली फाइल समजून कोणी ती पुसली, तर वही गेली.

आता मुख्य मुद्दा. कमिट करताना गिट संगणकावर आधी भरून ठेवलेले नाव आणि ई-मेल उचलते. ते खरे आहे की नाही, हे तपासत नाही. कॉलेजच्या लॅबमध्ये किंवा मित्राच्या लॅपटॉपवर बसून तुमच्या मुलीने रात्र-रात्र जागून काम केले, तरी नोंद होईल ती आधी नाव भरणाऱ्याची! पुढे नोकरीच्या मुलाखतीत ‘तुझे काम दाखव’ म्हटले की दाखवायला काहीच नाही. म्हणून काम सुरू करण्यापूर्वी ‘गिट कॉन्फिग’ ही आज्ञा देऊन नाव पाहावे. दुसऱ्याच्या संगणकावर ‘ग्लोबल’ हा शब्द न घालता फक्त त्या रेपोपुरते आपले नाव भरावे. दोघांनी मिळून लिहिले असेल, तर कमिटच्या संदेशाच्या शेवटी ‘को-ऑथर्ड-बाय’ लिहून दुसऱ्याचे नाव व ई-मेल द्यावा. गिटहब ते नाव दाखवते.

चुकीचे नाव ‘नंतर बदलू’ म्हणणे महागात पडते. प्रत्येक कमिटचा क्रमांक त्यातील मजकूर, नाव आणि आधीच्या कमिटवरून ठरतो. मधले एक पान बदलले की पुढच्या सर्व पानांचे क्रमांक बदलतात. यात एक फायदाही आहे. ज्यांच्याकडे जुनी प्रत आहे, त्यांना ही खाडाखोड लगेच दिसते. म्हणून रेपो कोणाच्याही खात्यावर असो, चौघांनीही तिची प्रत, म्हणजे ‘क्लोन’, आपल्याजवळ ठेवावी आणि वरचेवर ताजी करावी. क्लोनमध्ये साधारणपणे पूर्ण इतिहास येतो; खातेदाराने रागाच्या भरात रेपो पुसली तरी काम वाचते. गिटहबवर खासगी रेपोसाठी पूर्वी पैसे पडत. २०१९ पासून ती मोफत खात्यातही मिळते, आणि एप्रिल २०२० पासून सोबत्यांच्या संख्येची अटही उठली.

जुन्या पुस्तकांत मुख्य शाखेला ‘मास्टर’ म्हटलेले आढळेल. या शब्दाला मालक-गुलामीचा वास येतो, म्हणून अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या आंदोलनानंतर गिटहबने ऑक्टोबर २०२० पासून नव्या रेपोत ‘मेन’ हे नाव घेतले. एका शब्दाने काय बिघडते, असे विचारणारे तेव्हाही होते. ज्यांनी शब्दांचा मार सोसला आहे, त्यांना हा प्रश्न पडणार नाही.

पासवर्ड किंवा गुप्त किल्ली असलेली फाइल रेपोत कधीही घालू नये. पहिल्याच दिवशी ‘डॉट गिटइग्नोर’ या फाइलीत तिचे नाव लिहावे, म्हणजे गिट तिला वगळते. एकदा कमिट झालेली फाइल नंतर पुसली तरी जुन्या पानांत वाचता येते. असे झालेच, तर फाइल पुसत बसण्याआधी पासवर्ड बदलावा.

राहता राहिले खाते. २०२३ पासून गिटहब कोड चढवणाऱ्यांना पासवर्डशिवाय दुसरी पडताळणीही सक्तीची करत गेले. ती बहुधा मोबाइलवर असते, आणि मोबाइल हरवतो, रिचार्जअभावी नंबर बंद पडतो. त्या वेळी खाते उघडण्यासाठी रिकव्हरी कोड मिळतात. प्रत्येक कोड एकदाच चालतो. ते कागदावर उतरवावेत, आणि जातीचा दाखला व व्हॅलिडिटी ज्या फाइलीत जपली आहे, त्याच फाइलीत तो कागद ठेवावा.