गोळे कशाने हलके होतात आणि कशाने नाही

चिकोडी, निपाणी, संकेश्वर या सीमाभागातला रस्सा मुळात पातळ. मटणाचा तांबडा असो किंवा पुरणपोळीच्या दिवशीची येळवणीची आमटी असो, वाटी तोंडाला लावून पिता यावी अशी तिची धाटणी. याच रश्श्यात हरभऱ्याच्या डाळीचे गोळे सोडले की भाकरीबरोबर पोटभर जेवता येईल असं कालवण तयार होतं. सीमेच्या दोन्ही बाजूंना हे गोळे होतात. मराठी घरात ते बहुधा थेट उकळत्या आमटीत पडतात, तर कानडी घरात ‘उंडे हुळी’ करताना आधी वाफवून मग हुळीत सोडतात.

तक्रार मात्र दोन्हीकडे सारखीच: गोळे दडस झाले. बाहेरून शिजलेले, आतून पिठूळ, घास तुटतो पण घशाखाली उतरत नाही. मग दोष डाळीवर जातो, नाही तर सोडा कमी पडला असं ठरतं. माझ्या मते ही दोन्ही निदानं चुकीची आहेत. गोळ्याचा हलकेपणा तो रश्श्यात पडण्याआधीच ठरलेला असतो, वाटताना आणि फेटताना. आचेचं काम एवढंच की तो हलकेपणा मोडू द्यायचा नाही.

‘सोडा घातल्याशिवाय गोळा हलका होत नाही’

हा सगळ्यांत पक्का बसलेला गैरसमज आहे, म्हणून आधी तोच घेऊ. खाण्याच्या सोड्यातून वायू निघतो हे खरं. आंबट पदार्थ भेटला की लगेच निघतो आणि आंबट नसलं तरी ओल्या मिश्रणाचं तापमान 80 अंशांच्या आसपास गेलं की सोडा विघटित व्हायला लागतो. पण डाळीच्या गोळ्यात आंबट काही नसतं. त्यामुळे निम्मा वायू मिळतो आणि मागे उरतो तो अल्कधर्मी क्षार. साबणासारखी चव येते ती त्याची.

दुसरा तोटा याहून मोठा. डाळीच्या पेशी एकमेकींना धरून ठेवणारं पेक्टिन अल्कधर्मी पाण्यात सुटतं. म्हणूनच चिमूटभर सोड्याने हरभरे लवकर शिजतात. पण उसळीला जो फायदा तोच गोळ्याला घातक, कारण गोळ्याला बांधून ठेवायला मुळात फारसं काही नसतं. सोड्याचा गोळा रश्श्यात फुगतो, मग कडेने झडायला लागतो आणि आमटी गढूळ होते. शिवाय अल्कधर्मी पाण्यात शिजवल्याने डाळीतलं ब-1 जीवनसत्त्व मोठ्या प्रमाणात नष्ट होतं.

सोडा जास्त झाल्याची खूण शोधायला प्रयोगशाळा लागत नाही. हळद घातलेल्या पिवळ्या मिश्रणावर लालसर तपकिरी डाग उमटले की समजावं. हळदीत चुना मिसळून कुंकू करतात, त्यामागे हेच रसायन आहे.

‘फार हात लावला तर गोळे घट्ट होतात’

हा नियम खरा आहे, फक्त आपल्या गोळ्याचा नाही. इंग्लंडमध्ये गोमांसाच्या दाट रश्श्यावर मैद्याचे गोळे शिजवतात. मैदा दोन भाग, गुरांच्या मूत्रपिंडाभोवतीची कडक चरबी एक भाग आणि फुगवण्यासाठी बेकिंग पावडर, असा त्यांचा साधारण हिशोब. ब्रिस्टलच्या हेन्री जोन्सने 1845 साली फुगवणारी द्रव्यं आधीच मिसळलेल्या पिठाचं पेटंट घेतलं, तेव्हापासून हे काम सोपं झालं. त्या पिठात आंबट आणि क्षार दोन्ही मोजून घातलेले असतात, त्यामुळे नुसत्या सोड्याची चव मागे राहत नाही. चरबीचे बारीक तुकडे सावकाश वितळतात. त्या आधी भोवतालचं पीठ आकार धरू लागलेलं असतं, म्हणून तुकड्यांच्या जागी पोकळ्या राहतात. आणि त्या पिठाला खरंच कमीत कमी हात लावायचा असतो, कारण मैदा मळला की त्यातलं ग्लुटेन ताणलं जातं आणि गोळा चिवट होतो.

हरभऱ्याच्या डाळीत ग्लुटेनच नाही. ती कितीही फेटली तरी चिवट होणार नाही. उलट डाळीतली प्रथिनं पाण्यात फेसाळतात आणि फेटताना आत आलेली हवा धरून ठेवतात. गोळ्यात जाळी पडते ती या हवेमुळे. म्हणजे मैद्याच्या गोळ्याला जे वर्ज्य, तेच डाळीच्या गोळ्याला हवं. हल्ली मोबाइलवर जगभरच्या पाककृती बघून दोन्हीचे नियम एकमेकांत मिसळले गेलेत आणि बिचारे डाळीचे गोळे न फेटताच रश्श्यात पडताहेत. वाटलेली डाळ परातीत घेऊन तळहाताने पाच-सात मिनिटं खालून वर उचलत फेटावी. रंग फिकट झाला, हाताला मिश्रण सैल आणि फुललेलं लागायला लागलं की एक थेंब वाटीभर पाण्यात टाकून बघावा. तरंगला तर हवा पुरेशी आहे. बुडाला तर अजून फेटावं.

फेटताना हात एकाच दिशेने फिरवावा, दिशा बदलली तर हवा निघून जाते, असं ठासून सांगणारी माणसं घरोघरी भेटतात. हवेला दिशा कळत नाही. एका लयीत फेटलं जातं एवढाच त्याचा उपयोग.

‘डाळ रात्रभर भिजवून गुळगुळीत वाटली की गोळे मऊ’

हरभऱ्याच्या डाळीला तीन-चार तास पुरतात. दाणा नखाने सहज तुटला की झालं. त्यापुढे डाळ पाणी पीत राहते, वाटण सैल होतं, सैल वाटणाचे गोळे वळत नाहीत आणि मग त्यात बेसन घालायची पाळी येते. दडस गोळ्यांची सुरुवात बहुतेक वेळा इथे होते. एप्रिल-मे महिन्यात आपल्याकडच्या उकाड्यात रात्रभर भिजलेली डाळ आंबूस वासही धरते, तो वेगळाच.

वाटण रवाळ हवं. पाट्यावर वाटलेली डाळ आपोआप तशी व्हायची, काही कण बारीक, काही जाडसर. जाडसर कणांमुळे गोळ्यात मोकळी जागा राहते आणि रस्सा आत शिरतो. मिक्सरमध्ये पाणी घालून केलेली पेस्ट शिजली की एकसंध थर होतो. म्हणून डाळ चाळणीत पंधरा-वीस मिनिटं निथळू द्यावी, मिक्सर सलग न चालवता थांबत थांबत फिरवावा आणि पाणी घालायचंच झालं तर चमचाभर. लसूण, जिरं आणि हिरवी मिरची डाळीबरोबरच वाटली तरी चालते. कांदा मात्र चिरून, आणि मीठही, अगदी शेवटी घालावं. मिठाने कांद्याला पाणी सुटतं आणि दहा मिनिटांत सगळं मिश्रण पातळ होतं.

‘फुटतात म्हणून बेसन वाढवा’

एका वाटी डाळीला चमचाभर बेसन किंवा तांदळाचं पीठ चालतं. त्यापुढचं प्रत्येक चमचा पीठ गोळा जड करतं. गोळा का फुटला हे आधी बघायला हवं. मिश्रण ओलं होतं का? रस्सा पुरेसा उकळत नव्हता का? की सगळे गोळे एकदम टाकले? नेहमी एकच गोळा आधी सोडून बघावा. तो दोन मिनिटं टिकला तर बाकीचे सोडावेत.

तरीही भरवसा वाटत नसेल तर कानडी शेजाऱ्यांची रीत घ्यावी. गोळे दहा मिनिटं वाफवून घ्यायचे आणि मग आमटीत सोडायचे. रस्सा थोडा कमी मुरतो, पण एकही गोळा वाया जात नाही. पन्नास-शंभर माणसांच्या पंगतीला मी हीच पद्धत शहाणपणाची मानतो.

तेलाच्या मोहनाबद्दलही असाच अतिरेक होतो. चमचाभर गरम तेलाने गोळा मऊ राहतो. पळीभर तेलाने तो भुसभुशीत होऊन सुटतो.

‘रस्सा सारखा खळखळत ठेवायचा’

हे अर्धं खरं आहे. गोळा पडतो त्या क्षणी रस्सा खळखळत असायलाच हवा, म्हणजे वरचा थर लगेच धरतो. पण पहिली दोन-तीन मिनिटं गेली की आच कमी करावी. कडेने बुडबुडे येत राहतील इतकीच. खळखळत्या रश्श्यात गोळे एकमेकांवर आपटतात, कडा झडतात, आणि आत मात्र लवकर शिजत नाही, कारण रस्सा कितीही उसळला तरी त्याचं तापमान वाढत नाही. चिकोडी समुद्रसपाटीपासून सहाशे मीटरहून उंच असल्याने इथे पाणी साधारण 98 अंशांनाच उकळतं. मोठ्या आचेने रस्सा आटतो, बाकी काही मिळत नाही.

पळी घालून ढवळू नये. पातेलं दोन्ही कडांना धरून हलकं हलवलं की पुरतं. गोळे चार-पाचच्या गटाने सोडावेत, एकदम टाकले तर रस्सा थंडावतो. आणि कुकर नको. दाब उतरताना रस्सा आतून उसळतो आणि शिट्टीपर्यंत टिकलेले गोळे त्या एका क्षणात फुटतात.

‘वर आला म्हणजे शिजला’

नीट फेटलेला गोळा पडल्या पडल्याच वर येतो, कारण तो रश्श्याहून हलका असतो. त्याचा शिजण्याशी संबंध नाही. लिंबाएवढ्या गोळ्याला मंद आचेवर बारा ते पंधरा मिनिटं द्यावीत आणि एक फोडून बघावा. आतबाहेर रंग सारखा आणि कच्च्या डाळीचा वास गेलेला असला पाहिजे. उष्णता मध्यापर्यंत पोचायला लागणारा वेळ गोळ्याच्या आकाराच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. म्हणजे दुप्पट जाडीच्या गोळ्याला जवळपास चौपट वेळ. मोठे गोळे आतून कच्चे राहतात याचं कारण हेच आहे. गोळा लहानच करावा.

झाकण उघडलं की गोळे बसतात ही भीती केकवरून आली असावी. डाळीचा गोळा बसत नाही. पण त्याचा वरचा भाग रश्श्याबाहेर असतो आणि वाफेवर शिजतो, म्हणून झाकण थोडी फट ठेवून लावावं आणि दर मिनिटाला उचलू नये.

चिंच, चटणी आणि रश्श्याचा दाटपणा

चिंच किंवा आमसूल सुरुवातीला घालू नये. आंबटपणामुळे डाळीच्या पेशींच्या भिंती घट्ट राहतात आणि रवाळ वाटलेले कण टणक लागतात. गोळे शिजल्यावर आंबट घालून एक उकळी आणली की चव तीच मिळते. मिरचीचा मात्र गोळ्याच्या हलकेपणाशी काही संबंध नाही. संकेश्वरी मिरचीच्या चटणीने रश्श्याला झणका येतो, ब्याडगीने रंग येतो. दोन्ही मिळून घातल्या तर उत्तमच.

गोळ्यांसाठी रस्सा दाट हवा असं समजून आधीच भरपूर वाटण घालणारेही पुष्कळ आहेत. गोळे रस्सा पितात आणि त्यांच्यातलं पीठही थोडं रश्श्यात उतरतं. एका वाटी डाळीच्या गोळ्यांना निदान सहा वाट्या पातळ आमटी हवी. शेवटी फारच पातळ वाटली तर डाळीचं चमचाभर वाटण बाजूला ठेवलेलं असावं, ते पाण्यात कालवून घालावं. मटणाच्या रश्श्यात गोळे सोडायचे असतील तर मटण पूर्ण शिजल्यावर थोडे तुकडे बाजूला काढून जागा करावी आणि वरचा तेलाचा तवंगही थोडा काढून ठेवावा. वाढताना तो परत घातला की झालं.

प्रत्येक गोळा हलका असायला हवा का?

नाही. हुलग्याच्या पिठाची शेंगोळी किंवा कणकेच्या चकोल्या यांच्याकडून जाळीची अपेक्षा करणं त्यांच्यावर अन्याय आहे. शेंगोळी दाताखाली थोडी दाबावी लागते, हीच तिची खुमारी. हुलग्याचं पीठ घट्ट मळून, लसूण घालून, हातावर वळून ती करतात. त्यात सोडा किंवा बेकिंग पावडर घालून ती ‘सॉफ्ट’ करायचे प्रयोग मला मुळीच पटत नाहीत. चकोल्यांची कणीकही पोळीपेक्षा घट्टच हवी, नाही तर वरणात विरघळते.

उरलेल्या गोळ्यांविषयी एवढंच सांगायचं राहिलं. रात्रभर आमटीतच राहिले तर ते सगळा रस्सा पिऊन सकाळपर्यंत जड होतात, आणि मग ‘शिळे गोळे दडसच लागतात’ असं म्हटलं जातं. जेवण झाल्यावर गोळे झाऱ्याने काढून वेगळ्या डब्यात ठेवावेत. सकाळी आमटीत थोडं गरम पाणी घालून ती उकळावी, गोळे सोडावेत आणि झाकण ठेवून मंद आचेवर पाच मिनिटं तापू द्यावेत.