गर्भ, बालक आणि मानवाची उत्क्रांती

मानवी गर्भ चार-पाच आठवड्यांचा असताना त्याच्या गळ्याच्या दोन्ही बाजूंस काही कमानी दिसतात व मागील टोकास लहानशी शेपटी असते. माशाच्या गर्भातही अशाच कमानी असून त्यांपासून कल्ले बनतात. मानवात कल्ले कधीच बनत नाहीत. पहिल्या कमानीपासून खालचा जबडा व कानातील दोन सूक्ष्म हाडे घडतात. हीच दोन हाडे सरपटणाऱ्या प्राण्यांत जबड्याच्या सांध्यात असतात. शेपटी आठव्या आठवड्याच्या सुमारास मावळते व माकडहाड तेवढे मागे उरते. मराठीतील हे नाव मोठे बोलके आहे.

अशा साम्यांवरून अर्न्स्ट हेकेल या जर्मन प्राणिशास्त्रज्ञाने १८६६ साली असा सिद्धांत मांडला की, प्रत्येक जीव गर्भावस्थेत आपल्या पूर्वजांचा संपूर्ण इतिहास पुन्हा गिरवितो. वस्तुतः फॉन बेअर याने १८२८ सालीच याहून सावध विधान केले होते. गर्भ हा इतर प्राण्यांच्या गर्भासारखा असतो, त्यांच्या प्रौढ रूपासारखा नव्हे, असे त्याचे म्हणणे. पुढील संशोधनाने फॉन बेअरचीच बाजू उचलून धरली. समान पूर्वजांची खूण गर्भात सापडते, हे खरे; पण मूल काही काळ मासा असते, हे खरे नाही.

हा वाद प्रयोगशाळेतच राहिला असता तर शिक्षकाला त्याच्याशी कर्तव्य नव्हते. परंतु तो शाळेत शिरला. स्टॅन्ले हॉल या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९०४ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात मुलाची वाढ म्हणजे मानववंशाच्या इतिहासाची उजळणी होय, असे प्रतिपादिले. त्यातून मूल म्हणजे ‘रानटी मानव’ ठरले आणि वनवासी समाज म्हणजे ‘न वाढलेली मुले’ ठरले. वसाहतींवर राज्य करणाऱ्यांना हे तत्त्वज्ञान फारच सोयीचे वाटले! पाड्यावरील मुलगा वर्गात गप्प बसला की त्याला ‘मागासलेल्या अवस्थेतला’ समजणे, हे त्याच खोट्या शास्त्राचे शेपूट होय. घरची बोली व पुस्तकाची भाषा निराळी असल्याने तो गप्प असेल, हे आधी पाहावे.

उत्क्रांतीचा बाल्याशी खरा संबंध निराळाच आहे. नवजात अर्भकाच्या तळहातावर बोट ठेवताच ते घट्ट पकडते. वानरकुळातील पिले आईला बिलगून राहतात, त्याचा हा अवशेष मानला जातो. याहून महत्त्वाची गोष्ट मेंदूची. जन्मसमयी मानवी मेंदूचे वजन प्रौढ मेंदूच्या एक-तृतीयांशाहूनही कमी असते. उरलेली बहुतेक वाढ जन्मानंतर, माणसांच्या सहवासात, बोलणे ऐकत व पाहत होते. पहिलीच्या वर्गात मूल येते तेव्हा हे वजन सुमारे नऊ-दशांशापर्यंत पोहोचलेले असते. मेंदूतील जोडण्यांची घडण मात्र विशीनंतरही चालू राहते.