पुस्तक मोकळे सोडणारे प्राध्यापक

अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याजवळ टॅकोमा नावाचे शहर आहे. तिथे युनिव्हर्सिटी ऑफ प्युजेट साउंड या नावाचे विद्यापीठ आहे. त्या विद्यापीठात रॉबर्ट बीझर हे प्राध्यापक १९८४ साली गणित शिकवायला लागले. इलिनॉय विद्यापीठातून त्यांनी त्याच साली गणितातली सर्वांत मोठी पदवी घेतली होती. पुढे कितीतरी वर्षे त्यांनी तिथेच शिकवले.

त्यांचा आवडता विषय म्हणजे रेषीय बीजगणित. नाव ऐकून दचकू नका. त्याचे मूळ आपल्या बाजारातच आहे. समजा, एकाने २ शेळ्या आणि १ मेंढी घेतली. त्याला २५,००० रुपये पडले. दुसऱ्याने त्याच भावाने १ शेळी आणि १ मेंढी घेतली. त्याला १६,००० रुपये पडले. आता शेळीचा भाव काय? पहिल्याकडे दुसऱ्यापेक्षा एकच शेळी जास्त आहे आणि पैसे ९,००० जास्त गेले आहेत. म्हणजे शेळी ९,००० ला. १६,००० तून ते वजा केले की मेंढी राहिली ७,००० ला. झालं गणित!

इथे न कळलेल्या गोष्टी दोनच होत्या. पण पूल बांधायचा असला, किंवा उद्याचा पाऊस सांगायचा असला, तर अशा न कळलेल्या गोष्टी शेकड्याने, हजाराने असतात. त्या सगळ्या एकदम कशा सोडवाव्या, हे हा विषय शिकवतो. म्हणून इंजिनिअर होणाऱ्या मुलाला तो चुकत नाही.

मुलाला विषय चुकत नाही, म्हणजे पुस्तकही चुकत नाही. आणि अमेरिकेत कॉलेजचे पुस्तक फार महाग. गणिताच्या एका पुस्तकाला शंभर डॉलरांच्या वर पैसे मोजावे लागतात, असे पुष्कळदा होते. बरं, थोरल्या भावाचे जुने पुस्तक धाकट्याने वापरावे, तर तेही जमत नाही. प्रकाशक चार-पाच वर्षांत नवी आवृत्ती काढतो. मजकूर बहुतेक तोच असतो. उदाहरणांचे नंबर मात्र बदललेले असतात. मास्तर म्हणतात, “पान अमुक, उदाहरण तमुक करून आणा.” जुन्या पुस्तकात त्या जागी भलतेच उदाहरण निघते. मग झक मारत नवे घ्यावे लागते. गणिताचे नियम काही चार वर्षांत बदलत नाहीत, तरी पुस्तक बदलते. याला आम्ही तरी धंद्याची युक्तीच म्हणू.

बीझर यांनी या विषयावर स्वतःच पुस्तक लिहिले. २००४ साली ते लोकांपुढे यायला लागले. त्यात सिद्धता आहेत, उदाहरणे आहेत आणि पुष्कळ उदाहरणांची पुरी उत्तरेही आहेत. हे पुस्तक त्यांनी इंटरनेटवर ठेवले. ज्याला हवे त्याने ते उतरवून घ्यावे. पैसे नाहीत. छापील प्रत हवी असेल तर तेवढा छपाईचा खर्च द्यायचा.

पण नुसते फुकट देणे वेगळे आणि मोकळे सोडणे वेगळे. नेहमीच्या पुस्तकाचा हक्क लेखकाकडे किंवा प्रकाशकाकडे असतो. त्यांना विचारल्याशिवाय कोणी ते छापून विकू शकत नाही, त्यात बदल करू शकत नाही. बीझर यांनी पुस्तकाला जोडलेला परवाना निराळा आहे. तो म्हणतो, प्रती काढा, वाटा, हवे तर विका. तुमच्या वर्गाला जमेल असा फेरफारही करा. मुख्य अट ही की लेखकाचे नाव ठेवा, आणि तुमचे बदललेले पुस्तकही याच परवान्याने पुढे द्या. गावच्या विहिरीचेच बघा ना. पाणी कितीही भरा, पण विहिरीला कुंपण घालू नका.

याचा एक फायदा असा झाला की वाचकच पुस्तकाची राखण करू लागले. कोणाला चूक दिसली की तो कळवी. चूक दुरुस्त होई आणि मदत करणाऱ्याचे नाव पुस्तकात येई.

तुम्ही विचाराल, मग ते खातात काय? सरळ उत्तर आहे. त्यांना विद्यापीठाचा पगार होता. केवळ लेखणीवर पोट भरणाऱ्याने असे करावे, असे आम्ही म्हणणार नाही. त्याला ते परवडायचे नाही.

बीझर तेवढ्यावर थांबले नाहीत. थॉमस जडसन नावाच्या दुसऱ्या प्राध्यापकांनी टेक्सासमध्ये शिकवले. त्यांचे बीजगणिताचे पुस्तक १९९४ साली एका प्रकाशकाने छापले होते. पुढे पुस्तकाचे हक्क जडसन यांच्याकडे परत आले. त्यांनी ते पुस्तक मोकळे केले. बीझर यांनी त्यात संगणकावर गणित करण्याचे भाग घातले. दक्षिण आफ्रिकेत गणिताची एक संस्था आहे. तिथे आफ्रिकेच्या देशोदेशीची मुले शिकायला येतात. तिथेही बीझर यांनी जाऊन वर्ग घेतले.

त्यांचे मोठे काम पुढचे आहे. २०१३ च्या सुमारास त्यांनी पुस्तक लिहिण्याची एक नवी रीत बांधायला घेतली. तिचे नाव आता प्रीटेक्स्ट आहे. लेखकाने मजकूर एकदाच लिहायचा. त्यातून संगणक छापायची पाने काढतो, फोनवर वाचायची पाने काढतो, आणि ब्रेल पानेही काढतो.

ब्रेल म्हणजे आंधळ्या माणसाने बोटांनी वाचायची उठावाच्या ठिपक्यांची लिपी. गोष्टीचे पुस्तक ब्रेलमध्ये आणणे त्यातल्या त्यात सोपे. गणिताचे फार अवघड. अपूर्णांक, मुळे, कंस, एकावर एक चढवलेले आकडे, हे सारे ठिपक्यांत कसे मांडायचे? अब्राहम नेमेथ या आंधळ्या गणित-प्राध्यापकांनी त्यासाठी खुणा ठरवून दिल्या होत्या. पण त्या खुणांत पुस्तक उतरवायला जाणता माणूस लागे आणि महिनेच्या महिने जात. तोवर विद्यार्थ्याची परीक्षा होऊनही जाई! बीझर आणि त्यांच्या सोबत्यांनी हे काम संगणकाकडून करून घेतले. २०२० साली त्यांनी ते जाहीर केले. जडसन यांचे ते मोकळे पुस्तक अशा रीतीने ब्रेलमध्ये आले. हक्कांचे कुलूप नव्हते, म्हणून कोणाची परवानगी मागत बसावे लागले नाही.

बीझर यांचे पुस्तक इंग्रजीत आहे. त्यामुळे आपल्याकडच्या पुष्कळ मुलांना ते फुकट असूनही हाती लागत नाही. पण उद्या आपल्यातल्या कोणी ते मराठीत आणायचे ठरवले, तर टॅकोमाला पत्र धाडून विचारावे लागणार नाही. परवाना पुस्तकातच छापलेला आहे. बीझर यांचे नाव ठेवायचे आणि मराठी पुस्तकही तसेच मोकळे ठेवायचे, हेच त्यात मुख्यतः मागितले आहे.