थोरल्यांसमोर उभा राहिलेला नट

1966 साली 'अश्रूंची झाली फुले'मधला लाल्या रंगमंचावर आला, तेव्हा लाल्या कॉलेजात होता आणि तो साकारणारे डॉ. काशिनाथ घाणेकर 36 वर्षांचे होते. त्याआधी 1962 मध्ये 'रायगडाला जेव्हा जाग येते'तला तरणाबांड युवराज संभाजी त्यांनी केला, तो 32 व्या वर्षी. रत्नागिरी जिल्ह्यातल्या चिपळूणचा हा दातांचा डॉक्टर तिशी उलटल्यावर मराठी रंगभूमीचा 'तरुण' झाला. पुढची वीस-बावीस वर्षे प्रेक्षकांनी त्यांना त्या वयातून सुटू दिले नाही, आणि त्यांनाही बहुधा सुटायचे नव्हते.

घाणेकरांवर लिहिताना टाळ्या, शिट्ट्या, दारू आणि वेळ न पाळणे यांतच लेखणी अडकते. ते सगळे होतेच, पत्नी कांचन घाणेकर यांच्या 'नाथ हा माझा'मध्ये ते आले आहे. मला मात्र त्यांच्या भूमिकांची यादी जास्त बोलकी वाटते. 'रायगडाला'मध्ये त्यांच्यासमोर मास्टर दत्तारामांचे शिवाजी महाराज होते. 'अश्रूंची'मध्ये प्रभाकर पणशीकरांचे प्रा. विद्यानंद. 'इथे ओशाळला मृत्यू'मध्ये घाणेकर पुन्हा संभाजी आणि पणशीकर औरंगजेब. 'तुझे आहे तुजपाशी'मधला श्याम तर काकाजी आणि आचार्य अशा दोन थोरल्यांच्या कात्रीत सापडलेला. म्हणजे हा नट सतत कुणाचा तरी मुलगा, पुतण्या, विद्यार्थी नाहीतर कैदी. समोर एक स्थिर, वजनदार वडीलधारा माणूस असायचा आणि घाणेकर त्याच्यावर जाऊन आदळायचे. त्यांच्या वेगाला असा अडसर लागे. दत्ताराम किंवा पणशीकर यांनी जागा सोडली नाही, म्हणून ती धडक दिसली. घाणेकरांच्या यशाचा हिशेब मांडताना या दोघांचा वाटा आपण फार कमी धरतो.

वसंत कानेटकरांनी हे ओळखले होते. वर सांगितलेल्या चारांपैकी तीन नाटके त्यांची. 'अश्रूंची'ची रचना पाहा. पहिल्या भागात उडाणटप्पू लाल्याला विद्यानंद माणसात आणू पाहतात. पुढे कारस्थानाला बळी पडून तुरुंगात गेलेले विद्यानंदच गुन्हेगार होतात आणि लाल्या पोलीस अधिकारी होऊन त्यांच्यासमोर येतो. बाप-लेकाच्या जागांची ही अदलाबदल नाटकाचा कणा आहे. नाटक म्हणून ते बरेच भडक आहे, हेही सांगून टाकतो. पण 1969 मध्ये त्यावर अशोककुमार यांना घेऊन 'आंसू बन गए फूल' हा हिंदी चित्रपट निघाला, तेव्हा त्या भडकपणात दम होता एवढे मानावे लागेल.

त्या काळाची व्यवस्थाही घाणेकरांसारख्याला मानवणारी होती. पगारी नटांच्या जुन्या नाटक कंपन्या संपल्या होत्या. आता नटाला प्रयोगागणिक 'नाईट' मिळे, त्यामुळे दवाखाना सांभाळणारा डॉक्टरही नट होऊ शकत होता. प्रयोग ठोक रकमेला विकत घेणारा कंत्राटदार आधी विचारी, जाहिरातीत नाव कुणाचे? श्रेयनामावलीत सगळ्यांच्या शेवटी 'आणि डॉ. काशिनाथ घाणेकर' असे येऊ लागले आणि त्या घोषणेलाच टाळ्या पडू लागल्या. पडदा उघडायच्या आधी टाळ्या घेणारा नट संस्थेला हवाही असतो आणि जडही जातो.

चित्रपटांत काय झाले? राजा परांजपे यांच्या 'पाठलाग'मधला (1964) वकील त्यांनी संयमाने केला. त्याच कथेवर दोन वर्षांनी राज खोसलांनी 'मेरा साया' काढला. राजदत्त यांच्या पहिल्या चित्रपटात, 'मधुचंद्र'मध्ये (1967), ते हलकेफुलके, गोड दिसतात. पण 'एकटी' (1968) पाहिला की तिथेही ते मुलगाच. आई सुलोचनाबाई. पुढे खऱ्या आयुष्यात त्याच त्यांच्या सासूबाई झाल्या. हिंदीत 'दादी माँ' (1966) आणि 'अभिलाषा' (1968) झाले, पण हिंदी पडद्यावर बस्तान बसले नाही. कॅमेऱ्याला आवाज चढवून चालत नाही, आणि चढत जाणारा आवाज तर यांचे हत्यार.

कोकणाने त्यांना दिलेली भूमिका वेगळी आहे. कादंबरीकार श्री. ना. पेंडसे दापोली तालुक्यातल्या मुर्डीचे. तिथल्याच सुपारीच्या बागा, खोतांचा दरारा आणि कुजबुजणाऱ्या पडव्या त्यांच्या 1952 च्या 'गारंबीचा बापू' या कादंबरीत उतरल्या. बापूही गावातल्या थोरल्यांना, अण्णा खोताला, न जुमानणारा. पण तो नुसता तडकत नाही, गावातच पाय रोवून व्यापार करतो, मोठा होतो. घाणेकरांनी बापू नाटकात केला आणि 1980 च्या चित्रपटातही. तोवर त्यांनी पन्नाशी गाठली होती. बापूचा माज त्यांच्या अंगात मुरलेला होता, विशीतली चपळाई मात्र आता आणावी लागणार होती.

इथे दुसऱ्या डॉक्टरांची आठवण होणे अपरिहार्य आहे. कान-नाक-घशाचे डॉ. श्रीराम लागू घाणेकरांहून तीन वर्षांनी मोठे. 'इथे ओशाळला मृत्यू'मधला संभाजी त्यांनीही केला. पण 1970 च्या डिसेंबरात, 43 व्या वर्षी, ते 'नटसम्राट'चे आप्पा बेलवलकर झाले, मुलांनी टाकलेला म्हातारा बाप. लागूंनी वय पुढे ओढून घेतले आणि पुढची कित्येक दशके त्यांना भूमिका मिळत राहिल्या. घाणेकर 40 व्या वर्षीही मुलगाच होते. या दोघांत थोर कोण, हा वाद मला निरर्थक वाटतो. बापाच्या जागी जाऊन उभे राहायची तयारी एकाने वेळेवर केली, दुसऱ्याने नाही, आणि दुसऱ्याच्या अडचणीत दारूने भर घातली. 2 मार्च 1986 रोजी अमरावतीत घाणेकर गेले, तेव्हा त्यांनी साठीही गाठली नव्हती.

ठाण्यात आज त्यांच्या नावाचे नाट्यगृह आहे. 2018 च्या दिवाळीत अभिजित देशपांडे यांचा '...आणि डॉ. काशिनाथ घाणेकर' लागला. त्यात सुबोध भावे घाणेकर, प्रसाद ओक पणशीकर आणि सुमीत राघवन लागू झाले होते. पुढच्या वर्षी भावेंनी 'अश्रूंची झाली फुले' रंगमंचावर आणले आणि स्वतः लाल्या केला. त्यांचे वय तेव्हा 43 होते, म्हणजे मूळ लाल्याहून सात वर्षांनी जास्त.