संगणकातील खेळ : कोठे असतात, कसे सांभाळावेत?

घरात नवे भांडे आले की त्याची फळी ठरते आणि नवा कागद आला की त्याची पेटी ठरते. संगणकाच्या बाबतीत मात्र ही शिस्त क्वचितच पाळली जाते. आत काय शिरले व ते कोठे जाऊन बसले, ह्याची चौकशी पडद्यावर जागा संपल्याची सूचना झळकेपर्यंत कोणी करीत नाही. मग घाईघाईने काहीतरी पुसून टाकले जाते, आणि जे पुसावयास नको होते तेच बहुधा जाते.

आदिलाबाद जिल्ह्यातील बेला हे पैनगंगेच्या अलीकडील सीमेवरचे गाव. ह्या मुलखाचा कारभार १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होता, पुढे तो आंध्र प्रदेशात गेला आणि २०१४ पासून तेलंगणात आहे. परंतु नदीपलीकडील यवतमाळ व चंद्रपूर ह्या जिल्ह्यांशी असलेले मराठीचे नाते तुटलेले नाही. अशा गावी कापूस पिकविणाऱ्या कुटुंबात संगणक असलाच तर तो बहुधा एकच असतो. पट्टादार पासबुकाची प्रत, मीसेवा केंद्रातून मिळालेले दाखले, मुलीच्या प्रवेशअर्जाची कागदपत्रे, लग्नकार्याची छायाचित्रे आणि मुलांचे खेळ ही सारी त्या एकाच यंत्रात नांदतात. म्हणून खेळांची व्यवस्था ही केवळ मुलांची बाब नव्हे. ती साऱ्या घराची बाब आहे. वडीलधाऱ्यांनी ती समजून घ्यावी ह्या हेतूने आम्ही पुढील चार गोष्टी मांडीत आहोत. येथे विंडोज ही संगणकप्रणाली गृहीत धरली आहे.

जागा का पुरत नाही?

२००३ साली संगणकावर आलेल्या ‘व्हाइस सिटी’ ह्या खेळास सुमारे ९१५ एमबी, म्हणजे एका जीबीहूनही कमी जागा लागत असे. २०२३ साली आलेला ‘बाल्डर्स गेट ३’ हा खेळ १५० जीबी जागा मागतो. वीस वर्षांत भूक दीडशेपटीहून अधिक वाढली! (हे दोन्ही खेळ प्रौढांसाठीचे आहेत, लहानांच्या हाती देण्याजोगे नव्हेत, येथे केवळ आकारमानासाठी त्यांचा उल्लेख केला आहे.) उलट, साध्या घरगुती संगणकात पुष्कळदा २५६ जीबीचीच साठवण असते. मोजण्याची रीत वेगळी असल्यामुळे विंडोज ती सुमारे २३८ जीबी दाखविते, आणि त्यातूनही प्रणाली आपला वाटा आधीच घेते. तेव्हा दोनतीन मोठे खेळ आले की घरच्या कागदांस व छायाचित्रांस जागा उरत नाही.

एका खेळाची दोन घरे

आता मुख्य गोष्ट. खेळ म्हणजे एकच वस्तू असे आपण समजतो. वस्तुतः त्याचे दोन भाग असतात व ते बहुधा दोन निराळ्या ठिकाणी राहतात. पहिला भाग खेळाचा स्वतःचा : त्याची चित्रे, ध्वनी, आज्ञावली. हा आकाराने प्रचंड असतो. पण तो गेला तरी पुन्हा आणता येतो. दुसरा भाग खेळणाऱ्याचा : त्याने कोठवर मजल मारली, काय बांधले, काय मिळविले, ह्याची नोंद. ही नोंद सहसा अगदी लहान असते. पण ती एकदा गेली की कोणत्याही दुकानी विकत मिळत नाही. बियाणे बाजारातून पुन्हा आणता येते, गेलेल्या हंगामाचे पीक आणता येत नाही, तसाच हा प्रकार आहे. हा भेद ज्याने ओळखला, त्याला पुढील सारे सोपे जाते.

पहिला भाग कोठे सापडतो? सी ड्राइव्हमध्ये ‘प्रोग्राम फाइल्स’ नावाचे फोल्डर असते. त्याच नावाचे, पुढे एक्स-८६ अशी खूण असलेले दुसरेही असते. स्टीम ह्या दुकानातून घेतलेले खेळ ह्या दुसऱ्या फोल्डरात ‘स्टीम’, त्यात ‘स्टीमॲप्स’ व त्यात ‘कॉमन’ अशा क्रमाने गेल्यास आढळतात. एपिकचे खेळ पहिल्या फोल्डरात ‘एपिक गेम्स’ ह्या नावाखाली असतात. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स ॲपमधून घेतलेले पुष्कळसे खेळ सी ड्राइव्हवर ‘एक्सबॉक्स गेम्स’ ह्या फोल्डरात ठेवले जातात. शोधण्याची आणखी सोपी रीत अशी : पडद्यावरील खेळाच्या चित्रावर माउसची उजवी कळ दाबावी व ‘ओपन फाइल लोकेशन’ निवडावे. स्टीमच्या खेळांना ही रीत लागू पडत नाही. तेथे स्टीमच्या लायब्ररीत खेळाच्या नावावर उजवी कळ दाबून ‘मॅनेज’ व नंतर ‘ब्राउज लोकल फाइल्स’ निवडावे.

दुसरा भाग, म्हणजे खेळणाऱ्याची नोंद, शोधणे थोडे कठीण आहे. कारण प्रत्येक खेळाची सवय निराळी. ‘व्हाइस सिटी’सारखे जुने खेळ ती ‘डॉक्युमेंट्स’मध्ये आपल्या नावाच्या फोल्डरात ठेवतात. कित्येक खेळ ‘डॉक्युमेंट्स’मधील ‘माय गेम्स’ हे फोल्डर वापरतात. पुष्कळ नवे खेळ मात्र ‘ॲपडेटा’ ह्या फोल्डरात ती ठेवतात, आणि विंडोज हे फोल्डर लपवून ठेविते. ते पाहण्यासाठी विंडोजची कळ व आर ही कळ एकत्र दाबून, उघडलेल्या चौकटीत इंग्रजी अक्षरांत ‘ॲपडेटा’ हा शब्द, मागेपुढे टक्केचिन्ह देऊन, लिहावा. मुलांच्या आवडत्या ‘माइनक्राफ्ट’च्या जावा आवृत्तीचे सारे विश्व येथेच, ‘.माइनक्राफ्ट’ ह्या फोल्डरातील ‘सेव्ह्ज’मध्ये असते.

मराठी मुलखात तयार झालेल्या खेळाचेही उदाहरण देता येईल. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स ह्या संस्थेने घडविलेला ‘राजी’ हा खेळ २०२० साली प्रसिद्ध झाला. भावाच्या शोधात निघालेल्या एका मुलीची ती कथा आहे. हा खेळ अनरील नावाच्या इंजिनावर रचलेला आहे. त्या इंजिनावरचे बहुतेक खेळ आपली नोंद ‘ॲपडेटा’च्या ‘लोकल’ भागात, आपल्या नावाच्या फोल्डरात, ‘सेव्ह्ड’ व त्यात ‘सेव्हगेम्स’ अशा ठिकाणी ठेवतात. एका इंजिनाची रीत कळली की अनेक खेळांचा पत्ता लागतो.

काढून टाकताना

पडद्यावरील चित्र पुसले म्हणजे खेळ गेला, असा पुष्कळांचा समज असतो. तो चुकीचा आहे. चित्र ही केवळ दारावरची पाटी. ती काढल्याने आतील एक एमबीदेखील मोकळी होत नाही. याउलट प्रोग्राम फाइल्समधील फोल्डर सरळ पुसून टाकणे हेही अयोग्य. त्याने अर्धवट अवशेष मागे राहतात आणि हात चुकला तर भलतेच फोल्डर जाते. योग्य मार्ग असा : ‘सेटिंग्ज’मध्ये ‘ॲप्स’ व त्यात ‘इन्स्टॉल्ड ॲप्स’ उघडावे (विंडोज १० मध्ये ‘ॲप्स अँड फीचर्स’), यादी आकारानुसार लावावी, नको असलेला खेळ निवडावा व ‘अनइन्स्टॉल’ करावा. स्टीम किंवा एपिकचा खेळ त्या त्या दुकानाच्या लायब्ररीतूनच काढावा.

येथे चार ठिकाणी विशेष सावध राहावे. पहिले, खुद्द स्टीम हाच कार्यक्रम अनइन्स्टॉल केला तर त्याच्या फोल्डरातील सारे खेळ त्याच्यासह जातात. दुसरे, काही खेळ आपली नोंद खेळाच्याच फोल्डरात ठेवतात. म्हणून काढण्यापूर्वी ते फोल्डर एकदा उघडून पाहावे. तिसरे, संगणकावरील एखाद्याचे खाते काढून टाकले तर त्याच्या नावाचे फोल्डर, त्यातील कागदपत्रे व खेळांच्या नोंदी, सारेच नाहीसे होते. चौथे, रिसायकल बिनवर फार विसंबू नये. फार मोठे फोल्डर त्यात मावत नाही व ते कायमचे पुसले जाते, आणि पेन ड्राइव्हवरून पुसलेली वस्तू सहसा त्यात येतच नाही.

पुन्हा आणण्याचा खर्च

खेळ पुन्हा आणता येतो असे आम्ही वर म्हटले. पण तो फुकट येत नाही. रोज २ जीबी डेटा मिळणाऱ्या मोबाइलवर १५० जीबीचा खेळ उतरवून घ्यावयाचा तर, दुसरे काहीही न करता, ७५ दिवस लागतील. म्हणून काढण्याऐवजी हलविणे पुष्कळदा शहाणपणाचे ठरते. स्टीममध्ये खेळाच्या ‘प्रॉपर्टीज’मधून ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’ उघडून तो दुसऱ्या डिस्कवर हलविता येतो. मात्र ती डिस्क आधी स्टीमच्या ‘स्टोरेज’मध्ये नोंदवावी लागते. नातलगाकडे चांगले इंटरनेट असेल तर तेथे आपल्या खात्याने खेळ उतरवून बाहेरील डिस्कवर घरी आणता येतो. ‘कॉमन’मध्ये ते फोल्डर त्याच नावाने ठेवून ‘इन्स्टॉल’ दाबले की स्टीम त्या फाइली ओळखून तपासते व उरलेलेच तेवढे उतरविते. डिस्क किंवा पेन ड्राइव्ह फॅट-३२ पद्धतीची असल्यास तीवर ४ जीबीहून मोठी फाइल चढत नाही; अशा वेळी ती एक्सफॅट पद्धतीने तयार करून घ्यावी. तसे करताना तीवरील जुने सर्व पुसले जाते, हे विसरू नये.

घराचा नियम

शेवटी एक विनंती. समजा, थोरल्या भावाने अर्जाची कागदपत्रे ठेवण्यास जागा हवी म्हणून काही फोल्डरे पुसली, आणि धाकट्या बहिणीने दोन वर्षे खपून बांधलेले माइनक्राफ्टमधील गाव त्यात गेले. वडीलधाऱ्यांस ते क्षुल्लक वाटेल. पण तिच्या दृष्टीने ती मेहनतच होती, आणि ती न विचारता पुसली गेली. उलट, खेळासाठी जागा करताना एखाद्या मुलाने दाखल्यांचे फोल्डर पुसले तर साऱ्या घरास मीसेवा केंद्राचे खेटे घालावे लागतील. दोन्हीकडील नुकसान एकाच नियमाने टळते : ज्याचे त्याला विचारल्यावाचून काही पुसावयाचे नाही.

ह्या नियमास थोड्या व्यवस्थेची जोड द्यावी. घरातील प्रत्येकास संगणकावर स्वतंत्र खाते असावे. घरच्या कागदांची प्रत एका पेन ड्राइव्हवर व खेळांच्या नोंदींची प्रत दुसरीवर, महिन्यातून एकदा, तारीख घालून ठेवावी. नोंदींची प्रत घेताना खेळ बंद असावा. काही खेळांच्या नोंदी स्टीम क्लाउडमध्ये आपोआप जपल्या जातात. परंतु सर्वच खेळांना ती सोय नसते, तेव्हा आधी खात्री करून घ्यावी. आणि कोणता खेळ कोठे आहे, त्याची नोंद कोठे आहे, हे एका साध्या वहीत मुलांकडूनच लिहून घ्यावे. मुलांना हे काम आवडेल. ह्या विषयात ती आपल्यापेक्षा पुढे असतात. एवढे झाले म्हणजे, पुढच्या वेळी जागा संपल्याची सूचना आली की संगणकाकडे धावण्यापूर्वी ती वही उघडावी.